जोसाया पेलची बारा वर्षं

लेस्टर
रविवार, ११ जानेवारी २००४

प्रबुद्ध, जय भीम.

सोबतचं पाकीट उघडताना कात्री जपून चालव. आत माझी चार वर्षं आहेत. बासष्ट पानं, दोन्ही बाजूंनी लिहिलेली. फोनवरच सांगणार होतो, पण फोनवर तू वाद घालतोस आणि पत्रात विचार करतोस, हे मला नागपूरच्या वसतिगृहापासून ठाऊक आहे. म्हणून पत्र.

तुला अर्धवट माहीत आहे, आता पूर्ण सांगतो. दर मंगळवारी मी हॉस्पिटलच्या लाँड्रीची व्हॅन घेऊन नॉर्थहॅम्प्टनशरमध्ये जातो. डबा खायला एका खेड्यातल्या चर्चपाशी थांबतो. चार वर्षांपूर्वी गारांचा मारा सुरू झाला म्हणून आत गेलो. आत कोणी नव्हतं. मी एका बाकावर पाच मिनिटं डोळे मिटून बसलो. जागा कोणाचीही असो, शांतता आपली असते. डोळे उघडले तर समोरच्या भिंतीवर एक पितळी पाटी. तिचा अर्थ असा: या गावच्या जोडे शिवणाऱ्याचा मुलगा जोसाया पेल, अमेरिकेत कायदे करणारा झाला, आणि आपल्या ताब्यातली माणसं त्याने मोकळी केली.

जोडे शिवणाऱ्याचा मुलगा. मी डबा न खाताच परत आलो.

मग लायब्ररी, पत्रव्यवहार, सुट्टीच्या दिवशी रेकॉर्ड ऑफिस. जन्म १७४२. एकोणिसाव्या वर्षी जहाजाने अमेरिकेत. डेलावेअर नदीच्या काठी खोगिरांचं दुकान. १७७६ मध्ये गावच्या सभेत उभा राहून म्हणाला, की जे आपण राजाकडे मागतो आहोत ते आपल्या घरातल्या माणसाला नाकारू नये. पुढे विधानसभेत निवडून गेला. १७८८ मध्ये आपल्याकडच्या चौघांना लेखी मोकळं केलं. एकदा अमेरिकेच्या काँग्रेसमध्ये, तिथल्या संसदेत बसला, गुलामीविरुद्धच्या अर्जावर सही केली आणि त्या सहीपायी पुढची निवडणूक हरला. मग परत येऊन दुकान उघडलं आणि मरेपर्यंत खोगिरं शिवली. मला हा शेवटचा भाग सगळ्यात आवडतो.

आपल्या रविवारच्या वर्गातल्या मुलांना मी ही गोष्ट सांगत आलो आहे. हातात आलेली सत्ता माणूस स्वतःहून सोडू शकतो, एवढंच मला त्यांच्या मनात रुजवायचं आहे. यंदा जयंतीला मुलं हे पुस्तक स्टेजवर वाचून दाखवणार आहेत. तू टाइप कर. आणि इंटरनेटवर तारखा तेवढ्या तपासून घे.

श्यामला विचारते आहे, तुझं पित्त कसं आहे.

हरिदास


मिल्टन कीन्स
२५ जानेवारी २००४

हऱ्या, जय भीम.

पित्त बरं होतं, तुझं हस्ताक्षर वाचून वाढलं. ‘ध’ आणि ‘घ’ तू गेली तीस वर्षं सारखेच काढतो आहेस. तरी एकतीस पानं टाइप केली. मीनलने वाचली. म्हणाली, "हरिदासभाऊजींनी अमेरिका उचलून भंडाऱ्याला आणून ठेवली आहे. टाउन मीटिंगला हे लोक चावडीवर बसल्यासारखे बसतात, फक्त पानाची चंची नाही." मी म्हटलं, चंची तो पुढच्या आवृत्तीत घालेल.

पण चांगलं लिहिलं आहेस. हे एकदाच म्हणतो, जपून ठेव.

दोन गोष्टी विचारायच्या आहेत.

पहिली. बापाचा धंदा तू दहा वेळा लिहिलास, बापाचं नाव एकदाही नाही. काय होतं?

दुसरी. पान एकतीसवर १७७६ आहे, बत्तीसवर एकदम १७८८. मधली बारा वर्षं हा माणूस काय करत होता? रजेवर होता का?

सियाने ए-लेव्हलला हिस्ट्री घेतली आहे. तिला वाटतं, मी तुझं काम करतो ते तिच्या कोर्सवर्कपेक्षा मन लावून करतो. खरं आहे.

प्रबुद्ध


लेस्टर
१ फेब्रुवारी २००४

प्रबुद्ध, जय भीम.

बापाचं नाव थॉमस. थॉमस पेल. रेकॉर्ड ऑफिसमध्ये चर्चच्या जुन्या नोंदवहीची फिल्म मशीनवर फिरवत मी दोन शनिवार घालवले. बाप्तिस्म्याच्या नोंदीत ‘थॉमस पेलचा मुलगा जोसाया’ दिसलं, तेव्हा मला आमच्या गावच्या शाळेची हजेरी आठवली. गुरुजी पूर्ण नाव घेत, बापाच्या नावासकट. माझा बाप कधी शाळेची पायरी चढला नाही, पण त्याचं नाव रोज सकाळी शाळेत घेतलं जायचं. नोंदवहीत थॉमसचं नाव बघून तसंच वाटलं. पहिल्या पानावर घाल.

मधल्या वर्षांचं म्हणशील तर लढाई होती, धंदा होता, निवडणुका होत्या. पुस्तक मुलांसाठी आहे, सगळं कुठे मावतं. ते आहे तसं राहू दे.

वर्गात सध्या अकरा मुलं येतात. आपल्या मंडळाच्या अध्यक्षांची, कमलाकरांची नात ईशिता पेलचं गावसभेतलं भाषण वाचणार आहे. ‘नाकारू नये’ला तिची जीभ अडखळते, पण आवाज असा की मागच्या रांगेतली म्हातारी माणसं ताठ बसतील.

हरिदास


मिल्टन कीन्स
८ फेब्रुवारी २००४

हरी,

हे पत्र मी तीन वेळा लिहिलं आणि फाडलं.

बापाचं नाव मी उगाच विचारलं नव्हतं. त्या काउंटीच्या जुन्या दस्तांची यादी कोणीतरी इंटरनेटवर चढवली आहे. तुझ्या तारखा तपासताना ती सापडली. त्यात १७९१ सालचं एक विक्रीखत आहे. डायना नावाची बाई, वय अंदाजे तीस, आणि तिची मुलगी फीबी, वय सात. दोघींना विकलं आहे. दोन वेगळ्या माणसांना.

विकणाऱ्याचं नाव जोसाया थॉमस पेल.

आधी म्हटलं, त्या नावाचा दुसरा कोणी असेल. म्हणून तुला बापाचं नाव विचारलं. मनात म्हणत होतो, तू रिचर्ड म्हण, जॉन म्हण, काहीही म्हण. तू थॉमस म्हणालास. आपल्या वसतिगृहात दोन हरिदास होते, वॉर्डन तुम्हाला बापाच्या नावानेच वेगळं करायचा. इथे स्वतःचं नाव, बापाचं नाव, आडनाव, तिन्ही जुळतात. गावही तेच. म्हणजे चौघांना मोकळं करून तीन वर्षं झाल्यावर त्याने आई आणि लेक वेगवेगळ्या घरी विकल्या.

प्रिंट सोबत आहे. मी कोणाला बोललो नाही, मीनललाही नाही. पुस्तकाचं काय करायचं ते तू ठरव. मी टाइप थांबवलं आहे.

प्रबुद्ध


लेस्टर
२२ फेब्रुवारी २००४

प्रबुद्ध,

उत्तराला उशीर झाला.

मंगळवारी चर्चमध्ये गेलो. पाटी होती तिथेच होती. कोणीतरी नुकतीच घासून चकचकीत केलेली. मी बसलो, डोळे मिटले, पण श्वासावर मन ठरेना. फीबी सात वर्षांची. वर्गातली सगळ्यात लहान मुलगी सात वर्षांची आहे.

आता तुला एक सांगतो, जे चार वर्षांत कोणालाच सांगितलं नाही. तू विचारलंस त्या बारा वर्षांत पेल काय करत होता, ते मला माहीत आहे. १७७६ मध्ये गावसभेत ते भाषण केलं, तेव्हा त्याच्या घरात चार गुलाम होते. जूडिथ, सीझर, एबल आणि नॅन. भाषण करून तो घरी गेला आणि जूडिथने वाढलेलं जेवला. असा बारा वर्षं जेवला. मला ते पहिल्याच वर्षी कळलं होतं. मी ते पान लिहिलं आणि काढून टाकलं. मनाला म्हटलं, मुलांना निर्मळ माणूस हवा. खरं तर मला हवा होता.

त्यामुळे तुझा कागद वाचून धक्का बसला, पण आश्चर्य वाटलं नाही. जे झाकलं होतं ते वेगळ्या दाराने घरात आलं. सकाळी वंदनेला बसलो की खोटं बोलण्यापासून दूर राहण्याचं शील घेतो आणि रविवारी मुलांपुढे उभा राहतो. गेले दोन रविवार अंग दुखतंय म्हणून वर्ग घेतला नाही. तेही खोटंच.

टाइप केलेलं पुसून टाक. वर्ग सोडायचं ठरवलं आहे. कमलाकरांना चिठ्ठी दिली. ७ मार्चला शेवटचा जाईन आणि मुलांना सांगेन, की मी सांगितलेला माणूस तसा नव्हता. नंतर वर्ग दुसऱ्या कोणी घ्यावा, ज्याचा शब्द मुलांना धरता येईल.

श्यामला म्हणते, "अहो, अडीचशे वर्षांपूर्वीच्या गोऱ्यासाठी जेवण सोडलंत?" तिला कसं सांगू, त्याच्यासाठी नाही.

हरिदास


मिल्टन कीन्स
२८ फेब्रुवारी

प्रिय हरिदासकाका,

जय भीम. मी सिया. माझी मराठी लिहिणं वाईट आहे, सॉरी. मीनल म्हणजे आई स्पेलिंग बघते आहे, पण मी तिला सांगितलं की बाकी करेक्ट करू नको, नाहीतर ते माझा पत्र राहणार नाही.

बाबा खूप सॅड होते. जेवत नव्हते, रेडवेवर, म्हणजे आमच्याकडच्या चालायच्या लाल रस्त्यावर, एकटे चालायला जात होते, आणि बाबा कधीच चालत नाहीत, कोपऱ्यावरच्या दुकानात पण कार घेऊन जातात. म्हणून मी विचारलं. त्यांनी मला तुमचा पत्र दाखवला आणि तो विक्रीचा कागद पण.

काका, तुम्ही आणि बाबा खूप हुशार आहात, पण तुम्ही दोघांनी एक फार फनी चूक केला आहे.

इंग्लिश लोकांचं मिडल नेम बाबांचं नाव नसतं!!

ते फक्त आपलं असतं. माझं नाव सिया प्रबुद्ध रामटेके, आणि शाळेत सगळे विचारतात, प्रबुद्ध म्हणजे काय, फूल आहे का. माझ्या फ्रेंडचं नाव क्लोई एलिझाबेथ आहे. तिच्या बाबांचं नाव एलिझाबेथ नाही. त्यांचं नाव डेव्ह आहे.

मग मी त्या काउंटीच्या लायब्ररीला ईमेल केला. तिथे एक बाई आहे, तिने दोन दिवसांत उत्तर दिलं, खूप नाइस होती. ती म्हणाली की तुमच्या जोसाया पेलला मिडल नेमच नव्हतं. त्या टाइमला साध्या लोकांना नसायचं. तो सगळीकडे नुसतं जोसाया पेल सही करतो. तिने चौघांना मोकळं केलेल्या कागदाची कॉपी आणि विक्रीच्या कागदाची कॉपी पाठवली. दोन सह्या बाजूला ठेवल्या तर बिलकुल सेम नाहीत.

जोसाया थॉमस पेल हा त्याचा भाचा, नाही, पुतण्या (आईने सांगितलं). त्याच्या भावाचा, रिचर्डचा मुलगा. काकाचं नाव जोसाया आणि आजोबांचं नाव थॉमस, म्हणून जोसाया थॉमस. डायना आणि फीबी त्याच्या बायकोच्या माहेरून आलेल्या होत्या. तुमच्या पेलच्या घरात त्या कधीच नव्हत्या.

मी विचारलं की काकाने पुतण्याला थांबवलं का. ती म्हणाली, माहीत नाही, कागद नाही.

बारा वर्षांचं मात्र खरं आहे. ते पण तिने सांगितलं.

काका, प्लीज वर्ग सोडू नका. मी लहान असताना तुम्ही मला ‘ळ’ शिकवला होता. माझ्या शाळेत अजून कोणाला तो येत नाही.

तुमची,
सिया


मिल्टन कीन्स
१ मार्च २००४

हऱ्या, जय भीम.

पोरीने पत्र पोस्टात टाकलं आणि मग मला सांगितलं. मी आधी हसलो, मग किचनमध्ये जाऊन नळ सोडून उभा राहिलो, कारण मीनलसमोर रडायचं नव्हतं. अठरा वर्षं या देशात फॉर्म भरतो आहे. जीपीकडे, डॉक्टरच्या दवाखान्यात, नर्स मला ‘मिस्टर नामदेव’ म्हणून हाक मारते आणि मी बापाच्या नावावर उठून जातो. एवढं होऊन डोक्यात प्रकाश पडला नाही! कोणाचंही तीन भागांचं नाव दिसलं की आपण मधल्या जागी त्याचा बाप बसवतो. सवय आहे, रक्तात आहे. तिथे त्याचा आजा बसला होता.

माफ कर. दोनदा माफ कर. तो कागद सापडला तेव्हा, वाईट वाटण्याच्या आधी, एक क्षण मला बरं वाटलं होतं. चार वर्षं तू प्रत्येक पत्रात पेल, पेल करत होतास. मला वाटलं, बघ, मी एका दुपारी काढलं. हे मी तुला सांगितलं नसतं, पण तू तुझं बारा वर्षांचं सांगितलंस, तेव्हा माझंही पोटात राहीना.

टाइप केलेलं पुसलं नाही. तू सांगितलेलं मी कधी ऐकलं आहे? आता पान एकतीस आणि बत्तीसच्या मध्ये जागा सोडून बसलो आहे. ते काढून टाकलेलं पान पाठव. आणि ‘ध’ नीट काढ.

प्रबुद्ध


लेस्टर
सोमवार, ८ मार्च २००४

प्रबुद्ध, जय भीम.

सियाचं पत्र मंगळवारी सकाळी आलं. व्हॅन काढायच्या आधी दारातच उघडलं. एलिझाबेथपर्यंत आलो आणि पायरीवर बसून इतका हसलो, की समोरची गुजराती मावशी खिडकी उघडून म्हणाली, "भाई, ठीक छो ने?" श्यामलाने पत्र वाचलं, आत गेली आणि पोळ्यांचा तवा ठेवला. पंधरा दिवसांनी पोटभर जेवलो. हलकं वाटणं म्हणजे काय, ते अंगाला कळतं. त्या दिवशी चादरींच्या गाठोड्यांचं वजनच लागत नव्हतं.

चर्चपाशी थांबलो. बसलो, श्वास आपोआप ठरला. आणि तिथेच लाज वाटली. सकाळपासून मी आनंदात होतो, की पेल सुटला. पण डायना आणि फीबी सुटल्या नव्हत्या. विकणारा काका नव्हता, पुतण्या होता, याने त्या सात वर्षांच्या मुलीला काय फरक पडला? मला माझा माणूस परत मिळाला, तिला तिची आई मिळाली नाही. अर्धा दिवस हे माझ्या ध्यानातही आलं नाही. म्हणून सोबत एक नाही, दोन पानं पाठवतो आहे. एक बारा वर्षांचं. दुसरं त्या दोघींचं, जेवढं कागदावर आहे तेवढंच, स्वतःचं एक वाक्यही न घालता. सियाला म्हण, त्या लायब्ररीतल्या बाईंना विचार, फीबीचं पुढे काही कळतं का. नाही कळलं तर ‘कळत नाही’ असं छापू.

आता वर्गाचं. काल सकाळी हॉलवर आधी कमलाकरांना गाठलं. म्हटलं, ती चिठ्ठी परत द्या. ते म्हणाले, "कुठली चिठ्ठी? ते पाकीट? मला वाटलं कोणाच्या बारशाचं आमंत्रण. तारीख टळून गेली तर नाही ना?" कोटाच्या खिशातून बंद पाकीट काढून त्यांनी माझ्या हातात दिलं. मी बारा वर्षांच्या पानाचं सांगितलं तर त्यांचा चेहरा पडला. "हरिदास, मोठ्या माणसाचं असलं कशाला लिहायचं? मुलांपुढे आदर्श ठेवायचा असतो." मी म्हटलं, "साहेब, आदर्श ठेवा, पण घासून गुळगुळीत केलेला नको. मुलांचा हात निसटतो." ते पटलं असं नाही. पण म्हणाले, "जयंतीला वाच, शिव्या आल्या तर मी मागच्या दाराने जाईन."

वर्गात अकरा मुलं होती. मी सगळं सांगितलं. विक्रीचा कागद, नावाची चूक, क्लोईच्या बाबांचं नाव. त्यावर मुलं हसून बाकांवर आडवी झाली. मग गंभीर होऊन सांगितलं, की पेलने चांगलं भाषण केलं तेव्हा त्याच्या घरी चार माणसं गुलाम होती, आणि भाषणाप्रमाणे वागायला त्याला बारा वर्षं लागली. आणि हे मला पहिल्यापासून माहीत होतं, पण मी तुमच्यापासून लपवलं. माझं चुकलं. कोणाला काही विचारायचं असेल तर विचारा.

मला वाटलं, आता यांचे चेहरे बदलतील. ज्याची भीती होती ते हेच.

ईशिताने हात वर केला. "काका, त्याला बारा इयर्स लागले?"

"हो."

"आणि तुम्ही किती इयर्स सांगितलं नाही?"

"चार."

तिने मनात हिशेब केल्यासारखं केलं आणि वही उघडत म्हणाली, "मग तुम्ही त्याच्यापेक्षा फास्ट आहात. आता माझं स्पीच घ्या ना, ‘नाकारू नये’ मला अजून येत नाही."

मी घेतलं. सात वेळा म्हणून घेतलं. आठव्या वेळी तिला आलं.

हरिदास